छोट्या पिस्तुलात कोणतं काडतूस? सोलापुरातल्या एका सराफांचं प्रकरण

अप्पा सोलापुरातले सराफ. वय ५४, उजव्या हाताचा अंगठा सांधेदुखीने थोडा आखडलेला, जवळचं बघायला चष्मा. अक्कलकोट आणि बार्शीच्या दुकानदारांकडे दागिने पोचवायचे आणि येताना मोड घेऊन यायची, हा त्यांचा वर्षानुवर्षांचा क्रम. गाडी स्वतःची, सोबत एक विश्वासू माणूस. वडिलांकडे .३२ चं रिव्हॉल्व्हर होतं. वडील गेल्यावर ते रीतसर जमा झालं. मग अप्पांनी स्वतःच्या नावाने अर्ज केला, प्रशिक्षणाचं प्रमाणपत्र जोडलं, परवाना हातात आल्यावर .३२ चं एक छोटं पिस्तूल घेतलं आणि माझ्याकडे आले. मी सैन्यात आरमोरर, म्हणजे हत्यारांची देखभाल-दुरुस्ती करणारा, होतो. निवृत्तीनंतर परवानाधारकांना रेंजवर हत्यार हाताळायला शिकवतो.

"सुभेदार, हत्यार तर घेतलं. आता यात गोळी कुठली घालू ते सांगा," हा त्यांचा प्रश्न.

सोबत त्यांचा मुलगा होता आणि त्याच्याकडे उत्तर तयार होतं: हॉलो पॉइंट, म्हणजे नाकात पोकळी असलेली गोळी. "अप्पा, हॉलो पॉइंटच पाहिजे. अमेरिकेत सगळे तेच वापरायलेत."

या प्रश्नाचा निकाल लागायला बरेच आठवडे गेले. मधे बऱ्याच गोष्टी निघाल्या. त्यातल्या काही प्रत्येक परवानाधारकाच्या कपाटात असतील अशा आहेत, म्हणून हे सगळं सविस्तर लिहितो.

परवान्याने आखलेली चौकट

मुलाने पाहिलेले व्हिडिओ चुकीचे नव्हते, पण ते दुसऱ्या देशातल्या कायद्याखाली आणि दुसऱ्याच काडतुसावर बनवलेले होते. तिथे कमरेला लावायच्या छोट्या पिस्तुलाची चर्चा बहुतेक नऊ एमएमभोवती फिरते. आपल्याकडे नऊ एमएम ही प्रतिबंधित बोअर (बोअर म्हणजे नळीच्या आतल्या व्यासाचं माप). सामान्य नागरिकाला त्या बोअरचा परवाना मिळत नाही. स्वसंरक्षणासाठी छोटं हत्यार म्हटलं की व्यवहारात .३२ वरच येऊन थांबावं लागतं. .२२ आणि .२५ आहेत, पण त्यांची ताकद आणखी कमी.

लपवून बाळगणं म्हणजे काहीतरी चोरटं, असं आपल्याकडे अनेकांना वाटतं. उलट २०१६ चे शस्त्र नियम सांगतात की सार्वजनिक ठिकाणी हँडगन न्यायची तर अंगावरच्या होल्स्टरमध्ये किंवा पाठीवरच्या पिशवीसारख्या साधनात, पूर्ण झाकलेली आणि बाळगणाऱ्याच्या पुरत्या ताब्यात असली पाहिजे. लग्नाच्या वरातीत कमरेला उघडं पिस्तूल मिरवणारे लोक मी पाहिले आहेत. तो नियमभंग आहे. हवेत बार काढला तर २०१९ च्या दुरुस्तीनंतर दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही.

काडतुसांवरही मर्यादा आहे. एका वेळी किती बाळगायची आणि वर्षाला किती घ्यायची हे परवान्यावर लिहिलेलं असतं आणि दुकानदार प्रत्येक खरेदीची नोंद करतो. अमेरिकेतले जाणकार सांगतात, नवं काडतूस निवडलं की दोनशे राउंड, म्हणजे दोनशे काडतुसं, मारून बघा आणि मगच भरवसा ठेवा. आपल्याला तेवढी चैन नाही. म्हणूनच निवड जास्त विचाराने करावी लागते आणि हाताशी असलेल्या प्रत्येक राउंडमधून काही ना काही शिकावं लागतं.

ड्रॉवरमधली हिरवी काडतुसं

पहिल्या भेटीनंतर दोन दिवसांनी अप्पांनी व्हॉट्सअॅपवर एक फोटो पाठवला. चामड्याचा जुना पट्टा, त्याच्या खणांत ओळीने खोचलेली काडतुसं. खाली लिहिलं होतं: "वडिलांची. ड्रॉवरमध्ये सापडली. बत्तीसचीच आहेत. ही वापरू का?"

मी लगेच फोन लावला. पहिलं वाक्य हेच की ती घेऊन घराबाहेर पडू नका आणि माझ्याकडे तर आणूच नका.

काडतूस चांगलं की वाईट हा प्रश्न त्यानंतरचा. वडिलांचा परवाना त्यांच्याबरोबर संपला. रिव्हॉल्व्हर जमा करताना काडतुसं राहून गेली. आज ती ज्या घरात आहेत तिथे त्यांचा परवाना कोणाकडेच नाही आणि विनापरवाना जिवंत काडतूस बाळगणं हा १९५९ च्या शस्त्र अधिनियमाखाली गुन्हा आहे. अप्पांच्या मनात वाईट काही नव्हतं, पण तपासणीत पट्टा सापडला असता तर पंचनाम्यात मन लिहीत नाहीत. मी त्यांना सांगितलं की पोलीस ठाण्यात फोन करून आधी कळवा, वडिलांच्या परवान्याची प्रत आणि मृत्यूचा दाखला जोडून लेखी अर्ज द्या, ते सांगतील तशी जमा करा आणि पोच घ्या. अप्पांनी त्याच आठवड्यात ते केलं. जमा करून घेणाऱ्या हवालदारांनी एकेक मोजून नोंद केली. पोचपावती आता परवान्याच्या फायलीत आहे.

ज्यांच्या घरात आधीच्या पिढीचं हत्यार होतं त्यांनी आजच कपाटं, जुन्या ट्रंका, शेतातल्या घराचे फडताळ बघून घ्यावेत. हत्यार जमा करायची आठवण सगळ्यांना राहते, पट्टा राहून जातो.

आता काडतुसाबद्दल. पट्ट्यातली काडतुसं रिव्हॉल्व्हरची होती आणि अप्पांचं पिस्तूल वेगळं काडतूस खातं. दोन्हींना दुकानात बत्तीस म्हणतात, दोन्हींच्या गोळीची जाडी जवळजवळ सारखी, आणि घोटाळा इथेच होतो. रिव्हॉल्व्हरचं लाँग काडतूस १८९६ च्या सुमाराचं आहे. त्याची पुंगळी, म्हणजे दारू भरलेली पितळी नळी, साधारण २३ मिलिमीटर, पूर्ण लांबी साडेबत्तीसच्या घरात, बुडाला ठळक कडा, पुढे शिशाची ९८ ग्रेनची गोल नाकाची गोळी (एका ग्रॅममध्ये साधारण साडेपंधरा ग्रेन). पिस्तुलाचं काडतूस जॉन ब्राउनिंग यांनी १८९९ च्या सुमारास बनवलं. पुंगळी १७ मिलिमीटरच्या आसपास, पूर्ण लांबी २५, बुडाची कडा जेमतेम बाहेर आलेली, गोळी तांब्याच्या कवचाची आणि वजनाने ७१ ग्रेन. लाँग काडतूस पिस्तुलाच्या मॅगझीनमध्ये, म्हणजे मुठीत बसणाऱ्या काडतुसांच्या डबीत, बसतच नाही, त्यामुळे त्या बाजूने अनर्थ टळतो.

उलटी चूक मात्र जीवघेणी ठरू शकते. पिस्तुलाचं आखूड काडतूस बऱ्याच .३२ रिव्हॉल्व्हरच्या चेंबरमध्ये, म्हणजे बार होताना काडतूस असतं त्या खोबणीत, शिरतं आणि त्या छोट्याशा कडेवर टेकून राहतं. त्याचा कमाल दाब २०,५०० पाउंड प्रति चौरस इंच धरलेला आहे, लाँगचा १५,०००. मधोमध मोडून उघडणाऱ्या जुन्या रिव्हॉल्व्हरला हा जादा दाब सोसवेलच असं नाही. ज्या घरात दोन्ही हत्यारं आहेत तिथे काडतुसं वेगळ्या कुलपात ठेवा. दुकानात मागताना नुसतं "बत्तीसचं द्या" म्हणू नका. पिस्तूल की रिव्हॉल्व्हर ते सांगा आणि डब्यावरचं वाचून घ्या.

फोटो मोठा करून बघितला तेव्हा पितळेवर, नेमकं चामड्याला टेकत होतं तिथे, हिरवट थर दिसत होता. कातडं कमावताना वापरलेले क्षार आणि आम्लं घामाच्या ओलाव्याने पितळ खात राहतात. चामड्याचा पट्टा मिरवायला छान, साठवणीला वाईट. अप्पांनी ती काडतुसं मधे एकदा यंत्रमागाच्या तेलाने पुसलीही होती, चमकावीत म्हणून. पातळ तेल बुडाच्या टोपीच्या फटीतून आत झिरपतं आणि टोपीतला पेट घेणारा मसाला निकामी करू शकतं. सराफाच्या हाताला धातू चमकवायची सवय असते हे मी समजू शकतो, पण काडतूस कोरड्या फडक्याने पुसायचं आणि सोडून द्यायचं.

हॉलो पॉइंटचा आग्रह

मुलगा हुशार आहे आणि त्याचा मुद्दा नीट मांडलेला होता. गोळीच्या नाकात पोकळी असली की ती शरीरात शिरल्यावर फुलते, वेग तिथेच खर्च होतो, आरपार जाऊन मागच्या माणसाला लागण्याची शक्यता कमी होते. नऊ एमएमच्या चांगल्या गोळीबाबत हे खरं आहे. १९८६ साली मायामीत झालेल्या चकमकीनंतर एफबीआयने गोळ्या तपासायची जी पद्धत बसवली, तिच्यात जिलेटिनच्या ठोकळ्यात गोळी १२ ते १८ इंच शिरावी अशी अपेक्षा असते. फुलणं हवं, पण ही खोली गाठून.

आता आपल्या काडतुसाचा जोर बघू. .३२ पिस्तुलाची ७१ ग्रेनची गोळी, म्हणजे ४.६ ग्रॅम, सेकंदाला साधारण २७५ मीटर वेगाने निघते. ऊर्जा १७० ते १७५ ज्यूल. रिव्हॉल्व्हरच्या लाँग काडतुसाची गोळी ६.३५ ग्रॅमची, वेग २१५ च्या आसपास, ऊर्जा १५० ज्यूलपेक्षा थोडी कमी. नऊ एमएम साडेचारशेच्या पुढे. हे आकडे पुरेशा लांब नळीतले. कमरेला लपणाऱ्या पिस्तुलाच्या आखूड नळीत वेग आणखी उतरतो.

एवढ्या थोड्या ऊर्जेत दोन कामं होत नाहीत. .३२ ची पोकळ नाकाची गोळी आखूड नळीतून सुटली तर पुष्कळदा फुलतच नाही, आणि फुलली तर आत पुरेशी शिरत नाही. जाड कपडा आडवा आला की पोकळी कापडाने भरून जाते आणि ती साध्या गोळीसारखीच वागते. कवचाची गोल नाकाची गोळी फुलत नाही, पण खोली गाठते. या काडतुसाकडून एवढंच मागावं असं माझं ठाम मत आहे आणि ते मी मुलासमोर स्पष्ट मांडलं.

दुसरं कारण यांत्रिक आहे आणि माझ्या लेखी तेच वजनदार. ही छोटी पिस्तुलं ज्या काळी आखली गेली तेव्हा त्यांच्यासमोर गोल नाकाची, पूर्ण लांबीची गोळीच होती. मॅगझीनच्या ओठांचा कोन, चेंबरकडे चढणारा उतार, सगळं त्या आकारावर बेतलेलं. पोकळ नाकाचं काडतूस बुटकं असतं. मॅगझीनमध्ये त्याच्या पुढे रिकामी जागा उरते. त्या जागेमुळे काय होतं, ते पुढे येईलच.

शेवटी उपलब्धता. आपल्याकडे दुकानात नेहमी मिळतं ते खडकीच्या दारूगोळा कारखान्याचं, बुडावर के एफ अशी अक्षरं असलेलं काडतूस. १८६९ पासूनचा हा कारखाना. २०२१ मध्ये आयुध निर्माणी मंडळ मोडून सात सरकारी कंपन्या झाल्या तेव्हा तो म्युनिशन्स इंडियाकडे गेला. परदेशी डबा कुठेतरी मिळेल, कोणीतरी आणून देईल, असल्या वाटेला परवानाधारकाने जाऊच नये. बिलाशिवाय, नोंदीशिवाय आलेलं एक काडतूस अख्खा परवाना घालवू शकतं. आणि समजा कायदेशीर मार्गाने एखादा डबा मिळालाच, तरी सरावाला एक आणि कमरेला दुसरं अशी वेळ येते. वेगळ्या वजनाची गोळी वेगळ्या उंचीवर लागते. कोटा इतका कमी असताना दोन काडतुसांची सवय करत बसायला राउंड आणणार कुठून?

मुलगा गप्प झाला नाही. त्याने विचारलं, "मग आरपार जाण्याचं काय?" प्रश्न रास्त होता. त्याचं उत्तर मी मुद्दाम शेवटी ठेवलं.

वजनकाटा

मधल्या काळात अप्पांनी स्वतःहून एक प्रयोग केला. नवा डबा घेतला आणि पेढीवरच्या नाजूक काट्यावर सगळी काडतुसं एकेक करून तोलली. मिलिग्रॅमपर्यंतच्या नोंदी सुबक अक्षरात वहीत. त्यांचा तर्क असा की एखाद्यात दारू कमी पडली असेल तर वजनात कळेल.

तर्क चांगला, पण इथे लागू पडत नाही. .३२ पिस्तुलाच्या काडतुसात दारू असते सुमारे अडीच ग्रेन, म्हणजे ग्रॅमचा सहावा हिस्सा. आठ ग्रॅमच्या आतबाहेर भरणाऱ्या काडतुसात पुंगळीच्या पितळेचा आणि गोळीचा फरकच मिळून एवढा होऊ शकतो. दारू निम्मी असलेलं काडतूस जड पितळेमुळे बरोबर वजनाचं दिसेल, आणि चांगलं काडतूस हलकं भरेल. सोन्यात वजन हेच मोल असतं, म्हणून अप्पांना हे पटायला वेळ लागला.

काट्यापेक्षा डोळा आणि बोट जास्त सांगतात. मी त्यांना डबा चष्मा लावून टेबलावर रिकामा करायला सांगितलं. काडतूस बुडाकडून बघायचं: टोपी बुडाच्या पातळीला किंवा किंचित आत हवी, वर आलेली नको, तिरकी नको. मग तोंडाकडून: गोळी सरळ बसलेली, पितळेच्या काठाला चीर नाही. अंगावर डाग, पोचा, खरवड नको. मग नळी पिस्तुलातून काढून, मोकळ्या नळीच्या चेंबरमध्ये एकेक टाकून बघायचं. आपल्या वजनाने टप्पकन बसलं आणि उलटं केल्यावर आपोआप पडलं, तर माप बरोबर. नळी सुटी न होणाऱ्या हत्यारात हा उद्योग करू नये. अप्पांच्या डब्यातलं एक काडतूस आत अडखळलं. ते बाजूला ठेवलं, वहीत नोंद केली आणि दुकानदाराला दाखवलं.

रेंजवर

सात मीटरवर कागद लावला. पहिल्या मॅगझीनमधल्या तिसऱ्या राउंडनंतर पिस्तूल अडलं. अप्पांनी स्लाइड, म्हणजे पिस्तुलाचा वरचा मागेपुढे सरकणारा भाग, ओढायचा प्रयत्न केला, ती अर्ध्यात येऊन बसली. मुलगा मागून म्हणाला, "बघा, म्हटलं नव्हतं, गोळीच खराब!"

नळी लक्ष्याकडेच ठेवून मॅगझीन काढलं. ते जोर लावून काढावं लागलं. हातात घेऊन उजेडाकडे धरलं तर दोष स्पष्ट दिसत होता. वरच्या काडतुसाची कडा खालच्याच्या कडेमागे जाऊन अडकली होती.

हे नीट समजून घेण्यासारखं आहे. या काडतुसाच्या बुडाची कडा पुंगळीपेक्षा पाव मिलिमीटरच्या आसपास बाहेर येते. मॅगझीनमध्ये काडतुसं एकावर एक रचली जातात. वरच्याची कडा खालच्याच्या कडेच्या पुढे असली तर स्लाइड वरच्याला सहज पुढे ढकलते. ती मागे राहिली तर वरचं काडतूस निघताना खालच्याला आकडा घालतं आणि दोन्ही जागच्या जागी रुततात. हा अडथळा स्लाइड झटकून सुटत नाही. बुडावर थाप मारून तर नाहीच. मॅगझीन काढून, काडतुसं सोडवून पुन्हा भरावंच लागतं, आणि खऱ्या प्रसंगी तेवढा वेळ कोणी देत नाही.

अप्पांचा आखडलेला अंगठा इथे कारण होता. ते काडतूस वरून दाबून कसंबसं आत ढकलत, ते मागे सरकवायच्या आधीच दुसरं त्यावर ठेवत. मी त्यांना रीत दाखवली: मॅगझीन थोडं पुढे कलतं धरायचं, नवं काडतूस खालच्याच्या पुढच्या बाजूने टेकवायचं, दाबत मागे सरकवायचं. मॅगझीन भरून झाल्यावर त्याच्या बाजूच्या भोकांतून कडा बघायच्या, प्रत्येक वरची कडा खालच्याच्या पुढे. मग पूर्ण भरलेलं मॅगझीन पाठीकडून तळहातावर हलकेच आपटायचं आणि पुन्हा बघायचं.

पूर्ण लांबीच्या गोल नाकाच्या काडतुसाला मॅगझीनमध्ये मागेपुढे हलायला जागाच थोडी असते. त्यामुळे एकदा नीट भरलं की कडा जागा सोडत नाहीत. बुटक्या पोकळ नाकाच्या काडतुसाला मोकळीक जास्त, प्रत्येक बाराच्या धक्क्याने ती मागेपुढे सरकतात आणि नीट भरलेलीही अडकू शकतात. मुलाला हे मी बोलून पटवलं नाही. मॅगझीन त्याच्या हातात दिलं आणि त्यालाच भरायला लावलं. त्यानंतर त्याने हॉलो पॉइंटचं नाव काढलं नाही.

नीट भरल्यावर दोन्ही मॅगझीन पुन्हा पुन्हा रिकामी झाली, अडथळा आला नाही. प्रत्येक पुंगळी उचलून बघितली. टोपीवरचा ठोका मधोमध आणि खोल, पितळ फुगलेलं किंवा फाटलेलं नाही. कागदावरची भोकं तळहाताएवढ्या जागेत, थोडी डावीकडे. डावीकडे जाणं चाप खेचताना बोट कलल्यामुळे होतं, काडतुसाचा त्यात संबंध नव्हता.

दोन गोष्टी रेंजवर प्रत्येकाला आधी सांगाव्या लागतात. चाप ओढला आणि बार झाला नाही तर नळी लक्ष्याकडेच ठेवून अर्धा मिनिट थांबायचं, कारण काही वेळा टोपी उशिरा पेट घेते. आणि नेहमीच्या आवाजाऐवजी फुस्स झालं, धक्का जाणवला नाही, तर पुढचा राउंड अजिबात मारायचा नाही. गोळी नळीत अडकलेली असू शकते. मॅगझीन काढा, चेंबर रिकामं करा, नळी तपासून घ्या. जुन्या, तेल लागलेल्या, ओल खाल्लेल्या काडतुसांत हा धोका सगळ्यात जास्त.

रोज रात्रीची तपासणी

पुढच्या भेटीत मी कमरेचं मॅगझीन बघायला मागितलं. सगळ्यात वरचं काडतूस बाकीच्यांपेक्षा बुटकं दिसलं. अप्पांनी खिशातून व्हर्नियर काढला, सराफाच्या खिशात तो असतोच. नव्या काडतुसाशी ताडलं. गोळी पुंगळीत जवळजवळ एक मिलिमीटर आत गेली होती.

अप्पा रोज रात्री तिजोरीत ठेवण्यापूर्वी मॅगझीन आत असतानाच स्लाइड ओढत, भरलंय ना याची खात्री म्हणून. काडतूस चेंबरमध्ये जाई. मग ते पुन्हा स्लाइड ओढून ते बाहेर काढत आणि परत मॅगझीनमध्ये वर ठेवत. दर वेळी गोळीचं नाक चढणीवर आपटून थोडं आत बसत गेलं. पुंगळीतली पोकळी मुळात इवलीशी. गोळी आत सरकली की दारूला जागा कमी पडते आणि बार होताना दाब झपाट्याने वाढतो. ते काडतूस मी मारू दिलं नाही.

शिवाय घरात रोज रात्री चेंबर भरणं आणि रिकामं करणं हा स्वतःच अपघाताचा रस्ता आहे. आता क्रम असा ठरला: आधी मॅगझीन बाहेर, मग स्लाइड मागे, चेंबरमध्ये बघायचं आणि करंगळीचं टोक घालून चाचपायचं. बाळगतानाही चेंबर रिकामं, मॅगझीन भरलेलं. चेंबर भरलेलं असावं असं मानणारे अनुभवी लोक आहेत आणि त्यांची बाजू मला माहीत आहे. पण अप्पांचा सराव, त्यांचं वय आणि घरातली नातवंडं बघता मी दुसरा सल्ला देणार नाही. आखडलेल्या अंगठ्याने स्लाइड ओढणं जड जात होतं, कारण या साध्या पिस्तुलात नळीला कुलूप नसतं; स्लाइडचं वजन आणि ताठ स्प्रिंगच दाब सांभाळतात. आम्ही पकड बदलली. स्लाइड चार बोटांनी आणि तळव्याने धरायची आणि पिस्तूल पुढे ढकलायचं. अंगठ्याचा उपयोगच नको.

उन्हाळ्याचाही विचार करावा लागला. सोलापुरात एप्रिल-मे महिन्यांत पारा ४३-४४ ला जातो आणि बंद गाडीच्या डॅशबोर्डमध्ये त्याहून कितीतरी वर. हत्यार गाडीत ठेवून जेवायला जाणं हे ताब्याच्या नियमात बसत नाहीच, काडतुसालाही ते मानवत नाही. बंडीला लागून बसणाऱ्या होल्स्टरमध्ये घाम झिरपतो. कापडाचे तंतू आणि धूळ मॅगझीनच्या तोंडाशी साचतात. म्हणून आठवड्याला मॅगझीन रिकामं करून कोरड्या फडक्याने पुसायचं, काडतुसं बघायची, पुन्हा भरायचं.

मागे कोण उभं आहे

आता मुलाचा राहिलेला प्रश्न. कवचाची गोळी फुलत नाही, त्यामुळे आरपार जाऊ शकते. नेम चुकला तर ती पातळ पत्रा, दार, काच भेदून पुढे जाईल. सराफ बाजारात संध्याकाळी किंवा गड्ड्याच्या यात्रेच्या दिवसांत नवी पेठेत दहा मीटर मोकळी जागा मिळत नाही. कुठल्याही काडतुसाने हा प्रश्न सुटत नाही. चुकलेली हॉलो पॉइंटही फुलल्याशिवायच पुढच्या माणसाला लागते.

भारतीय न्याय संहितेत स्वसंरक्षणाचा अधिकार ३४ ते ४४ या कलमांत आहे. बचावासाठी जेवढी गरज तेवढीच इजा, हे त्यात स्पष्ट आहे. कलम ४४ तर थेट याच पेचाबद्दल आहे: प्राणघातक हल्ला आणि निरपराध माणसाला धोका पोचवल्याशिवाय बचाव अशक्य. तिथे कायदा अधिकार मान्य करतो, पण जीव जाण्याची वाजवी भीती हवी. सोन्याची पिशवी हिसकावून कोणी पळत सुटला असेल तर त्याच्या पाठीवर, गर्दीच्या दिशेने, गोळी झाडायची नाही. पिशवीसाठी ज्वेलर्स ब्लॉक नावाचा विमा असतो. अप्पांकडे तो होता, पण प्रवासातला माल त्यात धरलेला आहे का हे त्यांनी बघितलं नव्हतं. मी त्यांना काडतुसाआधी ते बघायला लावलं. प्रवासातल्या मालाची रक्कम अपुरी निघाली आणि त्यांनी ती वाढवून घेतली.

अप्पांची पेढी, गाडी बाहेर काढायची बोळ, अक्कलकोट रस्त्यावरची थांबायची जागा, या तिन्ही ठिकाणी आम्ही उभं राहून बघितलं की कोणत्या दिशेला भिंत आहे आणि कोणत्या दिशेला रस्ता. पेढीत गल्ल्यामागून दाराकडे बघितलं तर समोर थेट चहाची टपरी. म्हणजे पेढीच्या आतून दाराच्या दिशेने गोळी चालवण्याचा विचारच सोडून द्यायचा. तिथे अप्पांनी सरकतं जाळीचं दार आणि धोक्याची घंटा बसवली.

काय ठरलं

खडकीचं ७१ ग्रेनचं, कवचाचं, गोल नाकाचं पिस्तूल काडतूस, सरावाला आणि कमरेला एकच, एकाच लॉटचं, म्हणजे कारखान्यात एकाच खेपेत बनलेलं. डब्यातली पहिली काडतुसं रेंजवर मारायची, उरलेल्यांतली निवडून बाळगायची. चेंबरमध्ये एकदा गेलेल्या काडतुसाच्या बुडावर स्केचपेनचा ठिपका. ठिपका असलेलं परत मॅगझीनमध्ये वर ठेवायचं नाही. लांबी मोजायची आणि बरोबर असेल तर पुढच्या सरावात मारून टाकायचं. कमरेची सगळी काडतुसं वर्षातून एकदा सरावात संपवून नवी भरायची.

निवडणुकीच्या आचारसंहितेत पिस्तूल ठाण्यात जमा झालं. परत आल्यावर अप्पांनी मला न विचारता नळी आणि चेंबर साफ केलं, मॅगझीन नव्याने भरलं आणि कडा तपासून फोटो पाठवला. बरोबर होतं. मुलगा आता प्रशिक्षणाला येतो. अजून त्याच्या नावाचा परवाना नाही, म्हणून तो पेढीवरच्या पिस्तुलाला हात लावत नाही.

परवा नवा डबा आला. त्यावरचा लॉट क्रमांक वेगळा आहे, त्यामुळे टोप्या बघणं, चेंबरमध्ये टाकून बघणं आणि रेंजवरची दोन्ही मॅगझीन हे सगळं या रविवारी पुन्हा करायचं आहे. तोवर कमरेला जुनाच लॉट.